नव्या गाडीवरची कॉर्पोरेट ऑफर: नागपूरकरांच्या हाती किती पडते आणि कुठे अडते

मारुती, ह्युंदाई, टाटा, महिंद्रा, होंडा, शोरूम कोणतंही असो, कोटेशनवर एक ओळ ‘कॉर्पोरेट’ची असते. बऱ्याचदा ती मागितल्याशिवाय दिसत नाही. हा रिव्ह्यू त्या सवलतीचा आहे, गाडीचा किंवा शोरूमचा नाही. आमचा निकाल आधीच सांगून टाकतो: सवलत खरी आहे, रक्कम लहान आहे आणि कागद चोख असतील तर विनातक्रार मिळते. पाचपैकी साडेतीन गुण. कापलेला दीड गुण पारदर्शकतेचा आहे, त्याचं कारण पुढे येईल.

कंपनी, म्हणजे गाडी बनवणारी, काही नोकरदार वर्गांसाठी आणि यादीतल्या आस्थापनांसाठी ठरावीक सूट जाहीर करते. केंद्र आणि राज्य सरकारी कर्मचारी, सार्वजनिक उपक्रम, बँका, मोठ्या खासगी कंपन्या यांचे वेगवेगळे गट असतात. काही ब्रँड डॉक्टर, सीए आणि शिक्षकांनाही त्यात धरतात. नागपुरात या यादीत बसणारी माणसं भरपूर आहेत: वेकोलि (कोळसा खाणींची सरकारी कंपनी), मॉइल (मँगनीज खाणींची), रेल्वेचे दोन्ही विभाग, महावितरण, कोराडीचं वीज केंद्र, नीरी, एम्स, मिहानमधल्या आयटी कंपन्या. रोजच्या वापराच्या गाड्यांवर ही सूट साधारण दोन-तीन हजारांपासून पंधरा-वीस हजारांपर्यंत असते. मॉडेलप्रमाणे ती बदलते आणि खूप चालणाऱ्या मॉडेलवर कधी शून्यही असते. त्यामुळे सवलत जास्त आहे म्हणून गाडी बदलू नका.

पैशांचा रस्ता कळला की पुढचे बहुतेक घोळ उलगडतात. सूट आधी डीलर देतो आणि नंतर कंपनीकडे क्लेम टाकतो. क्लेमसोबत तुमचे कागद पोर्टलवर चढतात, तिकडे कोणीतरी ते तपासतं आणि मगच डीलरला पैसे मिळतात. क्लेम फेटाळला गेला तर भुर्दंड डीलरचा. म्हणूनच काही ठिकाणी ग्राहकाकडून ‘क्लेम नाकारल्यास रक्कम भरीन’ अशा हमीपत्रावर सही घेतात किंवा चेक मागतात. कागद बिलिंगच्या आधी तपासून घ्या, बिलात सूट लावून घ्या आणि असं हमीपत्र देऊ नका. पात्रता तपासणं हे शोरूमचं काम आहे.

कागद मोजकेच लागतात: ओळखपत्र, ताजी पगारपत्रकं (कुठे एक, कुठे तीन), पॅन आणि पत्त्याचा पुरावा. राज्य कर्मचाऱ्यांना सेवार्थ आणि शिक्षकांना शालार्थ या सरकारी पगार प्रणालींची स्लिप चालते. डॉक्टरांकडे कौन्सिलचं नोंदणी प्रमाणपत्र मागतात, सीएंकडे सदस्यत्वाचा पुरावा. पगाराचे आकडे झाकून दिले तरी सहसा हरकत नसते, कारण तपासणाऱ्याला नाव, आस्थापना आणि महिना एवढंच बघायचं असतं. प्रत्येक झेरॉक्सवर ‘फक्त कॉर्पोरेट ऑफरसाठी’ असं तारखेसह आडवं लिहा आणि आधार मास्क केलेलंच (सुरुवातीचे आकडे झाकलेलं) द्या. काही ब्रँड ऑफिसच्या ईमेलवर ओटीपी पाठवून पडताळणी करतात. आम्हाला हीच पद्धत सगळ्यात स्वच्छ वाटते, कारण पगाराचा कागद हातोहात फिरत नाही.

क्लेम अडकण्याचं आपल्याकडचं मोठं कारण म्हणजे कंत्राटी नोकरी. गळ्यात कार्ड वेकोलिचं किंवा वीज केंद्राचं असतं आणि पगार होतो ठेकेदार एजन्सीकडून. स्लिपवरचं नाव यादीत नसतं, क्लेम परत येतो. मिहानमध्येही तसंच होतं: इमारतीवर मोठ्या कंपनीचा बोर्ड, पगार मनुष्यबळ पुरवणाऱ्या फर्मचा. अशांनी कार्ड पुढे करण्याआधी स्लिपवरचं नाव यादीत आहे का ते विचारावं. दुसरं कारण नावाचं. बिल ज्याच्या नावावर, नोकरीचे कागद त्याचेच हवेत. नोकरी नवऱ्याची आणि गाडी बायकोच्या नावावर, हे काही स्कीममध्ये चालतं, काहींमध्ये नाही. सेल्समनच्या तोंडी ‘हो जाएगा’वर भिस्त ठेवू नका, व्हॉट्सॲपवर लिहून घ्या.

बुटीबोरी-हिंगण्याच्या छोट्या उद्योजकांसाठी एक गोष्ट वेगळी सांगायला हवी. गाडी प्रायव्हेट लिमिटेडच्या नावावर घेतली तर कर्मचाऱ्यांसाठीची ही सूट बहुधा गळते. त्याहून मोठा फटका रोड टॅक्सचा बसतो. महाराष्ट्रात वैयक्तिक नावावरच्या पेट्रोल गाडीला १० लाखांपर्यंत ११ टक्के, १० ते २० लाखांना १२ टक्के कर आहे, पण कंपनीच्या नावावर २० टक्के. ९ लाखांच्या गाडीवर ९९,००० ऐवजी १,८०,००० भरावे लागतात. घसाऱ्याचा फायदा हिशेबात धरताना हे ८१,००० विसरले जातात. आणि अशा प्रवासी गाडीवर भरलेल्या जीएसटीचं क्रेडिट सर्वसाधारण व्यवसायाला मिळत नाही.

आता तो दीड गुण. सेल्समन एकच गोळाबेरीज आकडा सांगतो, ‘टोटल चाळीस हजार ऑफ’. त्यात कन्झ्युमर ऑफर किती, एक्स्चेंज बोनस किती, कॉर्पोरेट किती आणि डीलरने स्वतःच्या खिशातून किती सोडले, ते कळत नाही. मग जुनी गाडी द्यायची नाही म्हटलं की आकडा कोसळतो. कॉर्पोरेट आधीच धरलेलं असेल तर तुमचं कार्ड दाखवून एक रुपयाही वाढत नाही. चारही आकडे वेगळे लिहून मागा. सरळ काम करणारं शोरूम ते लगेच देतं. कॉर्पोरेट आणि रूरल (ग्रामीण ग्राहकांसाठीची) या दोन्ही ऑफर सहसा एकत्र मिळत नाहीत. काटोल, सावनेर, उमरेडकडे घर किंवा शेती असलेल्या नोकरदारांनी सातबारा किंवा ग्रामपंचायतीचा दाखला दाखवून कोणती मोठी पडते ते आधी विचारावं.

सूट दाखवायची जागाही महत्त्वाची आहे. ती टॅक्स इन्व्हॉइसमध्ये उतरली तरच पक्की. समजा गाडीची एक्स-शोरूम किंमत १०,०५,००० आहे आणि सूट १०,०००. बिलात वजा झाली तर बिल ९,९५,००० चं होतं आणि १० लाखांवर लागणारा १ टक्का टीसीएस (शोरूमने तुमच्याकडून गोळा करून सरकारकडे भरायचा आयकर) लागत नाही. तीच सूट ‘ॲक्सेसरीजमध्ये ॲडजस्ट’ केली तर बिल १०,०५,००० चंच राहतं आणि १०,०५० टीसीएस जातो. तो रिटर्न भरताना वळता होतो, पण तोवर पैसे अडकलेले असतात आणि हातात येतात सीट कव्हर, मॅट आणि मडफ्लॅप, तेही शोरूमच्या भावाने.

एका हाताने दिलेली सूट दुसऱ्या हाताने परत जाण्याच्या वाटा दोन. पहिली ‘हँडलिंग’ किंवा ‘लॉजिस्टिक्स’ची ओळ. पासिंगसाठी या रकमेची काही गरज नसते, ती काढायला लावा. दुसरी इन्श्युरन्स. नव्या गाडीला थर्ड पार्टी ३ वर्षांचा सक्तीचा आहे, पण कोणत्या विमा कंपनीचा घ्यायचा हे ग्राहक ठरवतो. तीच आयडीव्ही (विम्यात धरलेली गाडीची किंमत), तेच ॲड-ऑन (जादा संरक्षण) घेऊन बाहेरचं कोटेशन काढा आणि शोरूमच्या कोटेशनशेजारी ठेवा. फरक कॉर्पोरेट सवलतीपेक्षा मोठा निघाला तर नवल वाटू देऊ नका. ‘बाहेरचा इन्श्युरन्स घेतला तर ऑफर नाही’ असं कोणी म्हटलं तर ही अट कंपनीच्या सर्क्युलरमध्ये दाखवायला सांगा.

तारखेचा नियम साधा आहे: स्कीम बुकिंगच्या महिन्याची नाही, बिलिंगच्या महिन्याची लागते. डिसेंबरात बुक केलेली गाडी जानेवारीत बिल झाली की डिसेंबरची सूट संपली, वर नव्या वर्षाची भाववाढही डोक्यावर. मुहूर्त पाळणाऱ्यांना यात सोय आहे, कारण बिल आणि डिलिव्हरी वेगवेगळ्या दिवशी होऊ शकतात. २०२५ मध्ये दसरा २ ऑक्टोबरला होता. ३० सप्टेंबरपर्यंत बिल करून गाडी दसऱ्याला नेली, तरी स्कीम सप्टेंबरचीच. मात्र कर्ज असेल तर बँकेचा डीओ (डिलिव्हरी ऑर्डर, गाडी देण्यासाठी बँकेचं पत्र) त्याआधी शोरूमला पोचायला हवा. महिन्याच्या शेवटच्या दोन दिवसांत डीओ अडकला की सगळं गणित फिसकटतं. बिल करण्याआधी यार्डात जाऊन गाडीचा चासी नंबर आणि उत्पादनाचा महिना बघा. जास्त सूट कधी कधी गेल्या वर्षीच्या स्टॉकवर असते, आणि आरसीवर तोच महिना-वर्ष छापून येतं.

वायुसेना नगर आणि कामठीच्या सैनिकांनी, निवृत्तांनीही, आधी सीएसडीची (सैन्याच्या कॅन्टीनची) किंमत काढावी. तिथे जीएसटी निम्मा लागतो. छोट्या गाडीवर १८ टक्क्यांतला अर्धा वाचला तर कोणतीही कॉर्पोरेट ऑफर त्याच्या जवळपास येत नाही. थांबावं लागतं, रंग-व्हेरियंट मर्यादित असतात, तरी थांबणं परवडतं.

डिलिव्हरीनंतर दोन कामं उरतात. एक्स्चेंज बोनस घेतला असेल तर जुन्या गाडीची आरसी मुदतीत दुसऱ्याच्या नावावर झाल्याचा पुरावा द्यावा लागतो. ही मुदत बिलाच्या वेळीच लिहून घ्या आणि गाडी एमएच-३१, ४० की ४९ ची, त्याप्रमाणे त्या आरटीओत ट्रान्सफर झाल्याची खात्री स्वतः करा, एजंटवर सोडू नका. टीसीएस भरला असेल तर तिमाही उलटल्यावर आयकर खात्याच्या कर-विवरणात (२६एएस) तो तुमच्या पॅनवर दिसतो का ते बघा. दिसला नाही तर इन्व्हॉइसची प्रत घेऊन शोरूमच्या अकाउंट्स विभागाकडे जा. सेल्समनकडे जाऊन हे काम होत नाही.