आकरमानच्या दोन लघुपटांपैकी आधी कोणता?

बेल्जियन दिग्दर्शिका शांताल आकरमानचा ‘जान दिएलमान’ (1975) पाहायचाय, पण 201 मिनिटं बसायचा धीर होत नाही, अशांनी तिच्या दोन छोट्या फिल्मांपासून सुरुवात करावी. ‘सोत मा वील’ साधारण 13 मिनिटांची, ‘ला शांब्र’ 11. दोन्हींत पडद्यावर ती स्वतःच, घरात एकटी.

‘सोत मा वील’ 1968ची, कृष्णधवल. आकरमान तेव्हा 18 वर्षांची होती. एक मुलगी फुलं घेऊन ब्रसेल्समधल्या फ्लॅटवर येते आणि स्वयंपाकघरात शिरते. स्पॅगेटी उकडून खाते, फरशी धुते, बुटांना पॉलिश करते. मग ब्रश बुटावरून पायावर चढतो, दाराच्या फटींना चिकटपट्टी लागते. मागे तिचंच बेबंद गुणगुणणं. शेवट गॅसच्या स्फोटात होतो. हे आधीच सांगतोय, कारण हा आत्मनाश आहे. मन खचलेलं असेल त्या दिवशी ही फिल्म लावू नका.

‘ला शांब्र’ (1972) रंगीत आणि पूर्ण मूक, न्यूयॉर्कमधल्या एका खोलीतली. बाबेत मांगोल्तचा कॅमेरा सावकाश गोल फिरतो: खुर्ची, टेबल, किटली, पलंग. पलंगावर आकरमान पडलेली. कॅमेरा तिच्यापाशी रेंगाळत नाही. किटलीला जेवढा वेळ, तेवढाच तिला. पुढच्या फेरीत ती थोडी हललेली असते, नंतर कधीतरी सफरचंद खात असते. मधल्या वेळात तिने काय केलं असेल, याची हुरहुर लागते. काही फेऱ्यांनंतर कॅमेरा अचानक उलटा वळतो. एवढ्याशा बदलाने मी ताठ बसलो होतो.

गोष्ट हवी असेल, घटना घडायला हवी असेल, तर ‘सोत मा वील’. तिच्यातली ऊर्जा विलक्षण आहे. पण माझं मत ‘ला शांब्र’ला. तिथे एकटेपणाला कारण लागत नाही, स्फोटही लागत नाही. सकाळी उशिरापर्यंत लोळणं हाच विषय. फिल्म मूक असल्यामुळे आपल्याच घरातले आवाज तिच्यात मिसळतात, पंख्याची घरघर, शेजारच्या कुकरची शिट्टी. म्हणून हेडफोन नकोत, आणि शक्यतो एकट्यानेच बघा.

‘जान दिएलमान’चा कॅमेराही मांगोल्तचाच, फक्त तिथे तो जागचा हलत नाही. या 11 मिनिटांनंतर त्यातलं बटाटे सोलणं पाहताना माझी नजर घड्याळाकडे गेली नाही.