एसबॉम कशाने बनवावा: सिफ्ट, ट्रिव्ही की सीडीएक्सजेन?

राळेगाव तालुक्यातल्या एका जिनिंगच्या वजनकाट्याचं सॉफ्टवेअर मी सांभाळतो. भरली गाडी चढली की वजन घ्यायचं, रिकामी गाडी परत चढली की काटापट्टी छापायची, एवढंच त्याचं काम. गेल्या हंगामाच्या तोंडावर रुई घेणाऱ्या एका मोठ्या गिऱ्हाइकाचा मालकांना मेल आला: सॉफ्टवेअर बिल ऑफ मटेरियल्स, म्हणजे एसबॉम, पाठवा. मुनीमजी म्हणाले, "हे कायचं झंगट लावलं बा आता?"

त्यांना मी सोयाबीनचं उदाहरण दिलं. बियाणं उगवलं नाही की तक्रारीच्या वेळी आधी पिशवी, टॅग आणि पावती मागतात. लॉट नंबर हाती असेल तरच पुढचं बोलणं. एसबॉम तसाच: आपल्या प्रोग्रॅममध्ये दुसऱ्यांच्या कोणत्या लायब्ऱ्या, कोणत्या आवृत्तीच्या पेरल्या आहेत त्याची यादी. डिसेंबर २०२१ मध्ये लॉगफोरजे या जावा लायब्ररीतलं सुरक्षेचं भोक उघडकीला आलं तेव्हा अशी यादी नसलेल्यांना सर्व्हरन् सर्व्हर उघडून बघावा लागला. मार्च २०२४ मध्ये एक्सझेड या फाइली दाबून लहान करणाऱ्या साधनाच्या ५.६.० आणि ५.६.१ या दोनच आवृत्त्यांत मागचं दार सापडलं. यादी असणाऱ्याचं उत्तर पाच मिनिटांत तयार होतं.

यादी हाताने लिहिण्यात अर्थ नाही. एका छोट्या नोड (जावास्क्रिप्ट) प्रोजेक्टच्या पोटातही शेकडो पॅकेजेस निघतात. कमांड-लाइनवर चालणारी तीन फुकट, मुक्तस्रोत हत्यारं मी वापरून पाहिली: अँकोर कंपनीचं सिफ्ट, ॲक्वा सिक्युरिटीचं ट्रिव्ही आणि ओवॅस्प या सॉफ्टवेअर सुरक्षेच्या संस्थेच्या सायक्लोनडीएक्स प्रकल्पातलं सीडीएक्सजेन. शहरातल्या तुलनांमध्ये वेग, भाषांचा आधार वगैरे आधी येतं. आमच्याकडे पहिला प्रश्न नेटचा. फायबर तुटली की दोन-दोन दिवस मोबाइलच्या हॉटस्पॉटवर काम, आणि वीज गेली की टॉवरही कधी कधी जातो.

या परीक्षेत सिफ्ट सरळ वर येतं. एकच फाइल, पेनड्राइव्हवरून नेली तरी चालते. फोल्डर दाखवलं की आतल्या लॉक फाइली (पॅकेजेसच्या पक्क्या आवृत्त्यांची नोंद) वाचून ते यादी लिहून देतं, त्यासाठी नेट लागत नाही. नव्या आवृत्तीची चौकशी करायला ते बाहेर डोकावतं खरं, पण तेही बंद करता येतं. मात्र सिफ्ट फक्त यादी करतं. यादीतलं काय धोक्याचं आहे हे सांगायला त्याच घरचं ग्राइप घ्यावं लागतं, आणि ग्राइपला सुरक्षेच्या माहीत असलेल्या दोषांचा डेटाबेस उतरवून द्यावा लागतो. इथे एक खोच आहे: तो डेटाबेस पाच दिवसांपेक्षा जुना झाला की ग्राइप कामच नाकारतं. पहिल्यांदा मला हा आगाऊपणा वाटला. वयाची तपासणी सेटिंगने बंद होते, आणि आठवडाभर नेट नसेल तर करावीही लागते. पण शिळ्या माहितीवर 'सगळं ठीक' म्हणण्यापेक्षा अडून बसणारं हत्यार मला जास्त भरवशाचं वाटतं.

ट्रिव्हीमध्ये दोन्ही कामं एकाच डब्यात आहेत, शिवाय कोडमध्ये विसरलेले पासवर्ड शोधणं आणि सर्व्हरच्या सेटिंगमधल्या चुका दाखवणंही. ज्याला एकच गोष्ट शिकायची आहे त्याने हेच घ्यावं. सायक्लोनडीएक्सच्या साच्यातली यादी मागितली की ते मुळात फक्त यादी देतं, दोष तपासणी वेगळी सांगावी लागते. ती यादी नंतर पुन्हा ट्रिव्हीलाच तपासायला देता येते. डेटाबेस अपडेट वगळायचा पर्याय दिला की जुन्याच माहितीवर ते निमूट चालतं. सोय आहे, पण तारीख आपण लक्षात ठेवायची. जावावाल्यांनी एवढं पाहावं: जार फाइली (जावाच्या बांधलेल्या लायब्ऱ्या) ओळखायला त्याला वेगळा, बराच मोठा डेटाबेस लागतो. तो तालुक्याच्या गावी चांगल्या नेटवर असतानाच उतरवून ठेवा.

सीडीएक्सजेनची खोली तिघांत जास्त. ते नुसतं वाचत नाही, मावेन, ग्रेडलसारखी बिल्डची साधनं चालवून अवलंबनांचं, म्हणजे कोणती लायब्ररी कोणावर टेकली आहे त्याचं, पूर्ण झाड उभं करतं. जावाच्या प्रोजेक्टमध्ये हा फरक डोळ्यांत भरतो, कारण नुसत्या पॉम फाइलीत (मावेनची यादी) लिहिलेल्या दहा लायब्ऱ्यांच्या पाठीमागे आणखी पन्नास असू शकतात. किंमतही तशीच. काही भाषांत ते मुळातच अवलंबनं इन्स्टॉल करायला जातं. मी कागद न वाचता हॉटस्पॉटवर चालवलं आणि दिवसाचा डेटा पावण्या बारालाच संपला. चूक माझी, इन्स्टॉल करू नको असं सांगायचा पर्याय आहे. दुसऱ्याचं अनोळखी कोड तपासताना तर तो द्यायलाच हवा, इन्स्टॉलच्या वेळी काय काय चालतं ते आपल्या हातात नसतं.

एकाच फोल्डरवर सिफ्ट आणि ट्रिव्ही चालवलं तर आकडे जुळत नाहीत, घाबरू नका. नोडच्या प्रोजेक्टमध्ये फक्त विकासाच्या वेळी लागणारी पॅकेजेस ट्रिव्ही सांगितल्याशिवाय धरत नाही, फरक पडायचं तेही एक कारण असू शकतं. पायथनमध्ये अडचण दोघांचीही सारखी: रिक्वायरमेंट्स फाइलीत नक्की आवृत्ती लिहिली असेल तीच ओळ ते मुळात धरतात. "याच्या वरची कोणतीही" असं लिहून ठेवलं असेल तर ती लायब्ररी यादीतून गळते. आधी आवृत्त्या पक्क्या करा, मग यादी.

तिघांनाही न दिसणारं एक घर आमच्या कोडमध्ये होतं. काट्याच्या इंडिकेटरकडून सिरियल पोर्टवर वजन वाचणारा सी भाषेतला तुकडा कोणीतरी कधीकाळी उचलून चिकटवलेला, आणि स्क्रीनसाठी जेक्वेरीची एक फाइल नुसती कॉपी करून ठेवलेली. पॅकेज मॅनेजरमधून न आलेल्या अशा गोष्टींसाठी मी हाताने छोटी यादी लिहिली आणि सायक्लोनडीएक्सच्या कमांड-लाइन साधनाने मुख्य यादीत मिसळली. फाइल नियमात बसते का हे तेच तपासतं, आणि दोन यादींमधला आवृत्त्यांचा फरकही दाखवतं. खरा रोजचा उपयोग मला त्या फरकाचाच झाला.

कोणत्या साच्यात द्यायचं? एसपीडीएक्स लिनक्स फाउंडेशनचा, २०२१ पासून आयएसओ ५९६२ हे मानक. परवान्यांच्या बाबतीत जुना जाणता. सायक्लोनडीएक्स ओवॅस्पचा, २०२४ मध्ये एक्मा या मानक संस्थेचं मानक झाला, आणि दोष तपासणीच्या अंगाने सुटसुटीत. गिऱ्हाइकाने नाव घेतलं नसेल तर सायक्लोनडीएक्स द्या. सिफ्ट आणि ट्रिव्ही दोन्ही साचे लिहितात, त्यामुळे यावर रात्र घालवू नका.

रात्र घालवायची ती रकान्यांवर. अमेरिकेच्या २०२१ च्या किमान यादीत सात रकाने आहेत: पुरवठादार, नाव, आवृत्ती, ओळख, अवलंबन, यादी करणारा आणि वेळ. आपल्या सर्ट-इनने (केंद्र सरकारची सायबर सुरक्षा संस्था) ऑक्टोबर २०२४ च्या मार्गदर्शिकेत ते २१ वर नेले. त्यात घटक किती महत्त्वाचा, पॅच लागला का, आधार कधी संपणार असेही प्रश्न आहेत. ते कोणतंही हत्यार आपसूक भरत नाही, पुरवठादाराचा रकानाही बरेचदा कोराच येतो. बँक, सरकारी खातं किंवा सेबीच्या कक्षेतली संस्था गिऱ्हाईक असेल तर हत्यार निवडण्याआधी त्यांचा तक्ता मागवा.

आमच्या काट्यावर आता सिफ्ट आणि ग्राइप आहे. नोड, थोडं पायथन, बेभरवशाचं नेट, यात तेच बसलं. जावाचं काम हाती आलं तर यादी सीडीएक्सजेनने करीन, तीही यवतमाळला जाऊन, आणि तपासणी ग्राइपनेच. गावातच सॉफ्टवेअरचे कंटेनर चालवणारा, सर्व्हरची सेटिंगही स्वतःच बघणारा एकटा माणूस असाल तर ट्रिव्ही. यादीची फाइल प्रत्येक रिलीजसोबत गिटमध्ये (कोडच्या आवृत्त्या जपणारं साधन) जाते, नावात आवृत्ती आणि तारीख. कापूस सुरू असताना काट्याचं सॉफ्टवेअर बदलायला मालक हात लावू देत नाहीत, गाड्यांची रांग सडकेपर्यंत असते. त्या चार महिन्यांत दर सोमवारी जुनीच यादी नव्या डेटाबेसवर तपासतो, काट्याच्या संगणकाला न शिवता.