फळांसोबतचं गार डिप: चक्का, क्रीम चीज की फेटलेलं क्रीम?

मे महिन्यात माणसं जमणार, फळं चिरून ठेवायची आणि सोबत बुडवून खायला काहीतरी गार, दाट, गोडसर करायचं, इथपर्यंत घरात एकमत असतं. गाडी अडते ती पुढे. ते करायचं कशाचं? घरी बांधलेल्या चक्क्याचं, दुकानातल्या क्रीम चीजचं की फेटलेल्या क्रीमचं? तिन्हींची डिप होतात, आणि फ्रिजमधून काढल्या काढल्या चमचाभर चाखलं तर क्रीमचंच पारडं जड वाटेल. पण पाहुणे फ्रिजसमोर उभं राहून खात नाहीत. वाडगा टेबलावर जातो, अजून यायच्या मंडळींची वाट बघितली जाते, फोटो होतात, मग कुठे पहिली फोड बुडते. तोवर वाडग्यात काय उरलंय, यावर निवड करावी. या कसोटीवर मी चक्क्याच्या बाजूने आहे. अपवाद आहेत, ते खाली येतीलच.

चक्का

१ लीटर फुलक्रीम दुधाचं दही बांधलं की साधारण ४०० ग्रॅम चक्का हाती लागतो. दही किती घट्ट लागलंय आणि किती वेळ निथळलंय यावर थोडं मागेपुढे होतं. वीस माणसांना अडीच लीटर दुधाचं दही पुरतं, कारण डिप ही पोटभर खायची गोष्ट नाही. माणशी दोन-तीन मोठे चमचे धरावेत. दूध ६ टक्के फॅटचंच घ्यावं. टोन्ड दुधाचाही चक्का होतो, पण तो जरा कोरडा, खरखरीत लागतो. श्रीखंडात भरपूर साखर ते झाकून घेते, डिपमध्ये झाकलं जात नाही.

उन्हाळ्यात दही खिडकीच्या गजाला नाहीतर सिंकच्या नळाला टांगून ठेवायची सवय सोडावी. दह्यातले जिवाणू उबेत कामाला लागलेलेच असतात, आणि चार-पाच तासांत चक्का आंबट ढाण होतो. चाळणीवर धुतलेला पंचा, त्यात दही, खाली खोलगट पातेलं, वर ताट, आणि हा सगळा डोलारा रात्रभर फ्रिजमध्ये. गारव्यात पाणी सावकाश निथळतं, म्हणून आठ-दहा तास द्यावेत. खाली जमलेलं पाणी कणकेत जातं.

सकाळी चक्का चिमटीत घेऊन बोटांनी चोळून बघा. कण लागले तर पुरणयंत्र काढा, बारीक जाळी लावा आणि चक्का पिठीसाखरेसकट त्यातून काढा. जाळीखालून जे उतरतं ते गुळगुळीत, चकचकीत असतं. हँडब्लेंडर लावून तशी चमक येत नाही. मिक्सरच्या भांड्यात तर घालूच नका, चक्का सैल पडतो आणि पुन्हा काही केल्या आवळत नाही.

साखरेचा हात आखडता हवा. श्रीखंडाला चक्क्याच्या जवळजवळ बरोबरीने साखर लागते, इथे अर्धा किलोला १०० ते १२५ ग्रॅम पुरे. फळं गोड आहेतच. शिवाय साखर विरघळली की चक्का आपोआप सैलावतो, म्हणून साखर घातल्यावर अर्धा तास थांबून मगच तीन-चार चमचे गार क्रीम घालायचं की नाही ते ठरवा. चिमूटभर मीठ हवंच. वासाला लिंबाची किसलेली साल घाला. केशर-वेलची घातली तर पाहुणे त्याला श्रीखंड म्हणतात, त्याला हरकत नाही, पण मग ते पुऱ्या शोधू लागतात.

आंब्याचं करायचं असेल तर रस तसाच ओतू नये. जाड बुडाच्या कढईत तो निम्मा होईपर्यंत आटवा, पूर्ण गार करा आणि अर्धा किलो चक्क्याला अर्धी वाटी घाला. टिनमधल्या आमरसात बहुतेक वेळा साखर असते. डबा वाचून पिठीसाखर कमी करा.

चक्क्याची खरी कमाई टेबलावर दिसते. पस्तीस-छत्तीस अंशांतही तो आकार सोडत नाही. कडेला थोडं पाणी सुटतं, चमचा फिरवला की मिसळून जातं. त्याच्याविरुद्ध बोलायचं तर दोन गोष्टी. एक, आदल्या दिवशी आठवण हवी. तयार चक्का डेअरीत मिळतो, पण पाडव्याला जसा ढिगाने असतो तसा मेमध्ये नसतो, आणि आणलाच तर घ्यायच्या आधी चाखा. दुसरी, आंबटपणा पूर्ण जात नाही. दह्याकडे बघून नाक मुरडणारी मुलं चक्क्याच्या डिपकडेही तसंच बघतात.

क्रीम चीज

हे डिप मुळात अमेरिकेतलं. तिथल्या उन्हाळी जेवणांत त्याची सर्वांत सोपी कृती दोनच जिनसांची: क्रीम चीजची एक वडी, म्हणजे ८ औंस किंवा सव्वादोनशे ग्रॅमच्या आसपास, आणि मार्शमॅलो क्रीमची, म्हणजे साखरेच्या पांढऱ्या, फुगीर, चिकट क्रीमची, एक बरणी. फेटलं की झालं. क्रीम चीज म्हणवून घ्यायचं तर अमेरिकेत त्यात किमान ३३ टक्के स्निग्धांश असावा लागतो, त्यामुळे डिप तुपकट-मऊ होतं आणि फळाला जाड लेप धरतं. एवढ्या एका गुणात ते चक्क्यापेक्षा सरस आहे. द्राक्षासारखं गुळगुळीत फळ चक्क्यातून निसटतं, क्रीम चीजमधून नाही.

आपल्याकडे मॉलमध्ये आणि बेकरीचं सामान विकणाऱ्या दुकानांत क्रीम चीजचे डबे मिळतात, मात्र घरच्या चक्क्याच्या मानाने ते चांगलंच महाग पडतं. वीस जणांसाठी नुसत्या क्रीम चीजचं डिप करणं मला उधळपट्टी वाटते. सव्वादोनशे ग्रॅम क्रीम चीज, तेवढाच चक्का आणि सत्तर-ऐंशी ग्रॅम पिठीसाखर असं मिसळलं तर लेप राहतो, आंबटपणा मवाळ होतो आणि खर्च निम्म्यावर येतो. फेटायच्या आधी क्रीम चीज अर्धा तास बाहेर ठेवा. गार असताना फेटलं तर गाठी राहतात आणि त्या नंतर फोडता येत नाहीत.

अमेरिकेतल्या मराठी मंडळींना ही मार्शमॅलोची कृती दर समरमध्ये कोणीतरी देतंच. मार्शमॅलोच्या गोळ्यांत बहुधा जिलेटिन असतं, आणि ते प्राण्यांच्या हाडा-कातड्यापासून काढतात. बरणीतल्या मार्शमॅलो क्रीममध्ये जिलेटिन नसलं तरी अंड्याचा पांढरा बलक असतो. तिथल्या काही योगर्टमध्येही जिलेटिन घालतात. मंडळाच्या पिकनिकला डिप न्यायचं असेल तर बरणी घरीच ठेवावी आणि साधं ग्रीक योगर्ट पंच्यात बांधून आणखी घट्ट करावं. आजी-आजोबा भारतातून आलेले असतील तर प्रश्न विचारले जातातच.

फेटलेलं क्रीम

चवीला अव्वल, उन्हाळ्यात सर्वांत बेभरवशाचं. आधी एक खुलासा, कारण गफलत इथेच होते: किराणा दुकानात मिळणारं टेट्रापॅकमधलं फ्रेश क्रीम २५ टक्के फॅटचं असतं. ते कितीही वेळ फेटलं तरी उभं राहत नाही. फेटायला ३० टक्क्यांच्या वरचं व्हिपिंग क्रीम लागतं, आणि ३५ टक्के असेल तर काम सोपं. क्रीम, भांडं, बीटरची पाती, सगळं बर्फासारखं गार हवं. क्रीममध्ये हवा धरून ठेवायचं काम गोठलेल्या स्निग्ध कणांचं असतं. ते कण उन्हाने मऊ पडले की हवा सुटते आणि वाडग्यात गोड दूध उरतं. नागपुरात किंवा जळगावात भर दुपारी हे व्हायला वीस मिनिटंही पुरतात.

यावर तोडगा म्हणून केकवाले वापरतात तसं डेअरीविरहित व्हिप टॉपिंग बरेच जण आणतात. त्यात वनस्पतीचं स्निग्ध असतं, साखर आधीच घातलेली असते, आणि ते उन्हात दुधाच्या क्रीमपेक्षा कितीतरी जास्त टिकतं. पण टाळूला एक मेणचट थर बसतो, आणि हापूसच्या फोडीसोबत तो थर मला सहन होत नाही. स्वस्तातल्या सफरचंद-केळ्यांसोबत चालून जाईल.

म्हणून फेटलेलं क्रीम एकटं वाढण्यापेक्षा चक्क्यात दुमडावं: अर्धा किलो चक्क्याला १०० मिली क्रीम, हलक्या हाताने. डिप हलकं होतं, आंबटपणा मागे सरतो, आणि उन्हाला चक्का तोंड देतो. तिन्ही पर्याय समोर ठेवून मला एकच निवडायला सांगितलं तर मी हे मिश्रण निवडीन.

नारळाच्या दाट दुधाचं डिप हा दूध न खाणाऱ्यांसाठीचा पर्याय. फ्रिजमध्ये ते छान आवळतं, पण खोबरेल तेल साधारण २४ अंशांना वितळतं, तेव्हा गच्चीवरच्या कार्यक्रमात त्याची कढी होणार हे धरूनच चाला. एसीच्या खोलीत ठीक.

फळं कोणती, त्यावर बरंच ठरतं

आंबा आणि चक्का यांचं जमतं हे सांगायला नको. चिकूचं मात्र चक्क्याशी पटत नाही; त्याच्या गुळचट चवीला आंबट लागलं की दोन्ही बिघडतात. डहाणू-घोलवडचे चिकू आलेच असतील तर क्रीम चीज किंवा क्रीमच हवं. केळ्याचंही थोडं तसंच, शिवाय ते चिरल्यावर लिंबाच्या पाण्यातून काढावं, नाहीतर दहा मिनिटांत काळवंडतं. महाबळेश्वरची स्ट्रॉबेरी मेपर्यंत संपत आलेली असते, त्यामुळे परदेशी कृतींतले लालभडक फोटो बघून बेत आखू नका. तेव्हा बाजारात खरी चलती आंबा, खरबूज, कलिंगड, जांभूळ, करवंदांची असते.

कलिंगड डिपसोबत ठेवूच नये. फोडीला सुटलेलं पाणी डिपला चिकटू देत नाही, उलट वाडगा पातळ करतं. त्याला वेगळं ताट आणि मीठ-मिरपूड द्या. खरबूज चालतं, पण फोडी कोरड्या फडक्यावर पसरून पाणी टिपून घ्या. जांभळाच्या बिया काढून अर्ध्या फोडी बुडवल्या तर तुरटपणा डिपमध्ये छान मुरतो, फक्त वाडगा जांभळा होतो. ज्यांना देखणं टेबल हवंय त्यांनी जांभळाला वेगळी वाटी काढावी.

अननस, पपई आणि किवी यांच्याबाबत सावध. या तिन्हींत प्रथिनं तोडणारी विकरं (एन्झाइम) असतात. फोड बुडवून लगेच खाल्ली तर काही होत नाही, पण न शिजवलेल्या अननसाचे तुकडे चक्क्यात किंवा क्रीममध्ये घालून ठेवले की तासाभरात डिप कडवट आणि पातळ व्हायला लागतं. अननसाचं डिपच करायचं असेल तर तुकडे साखरेत पाच-सात मिनिटं शिजवा, शिजल्यावर ते विकर निकामी होतं.

वाढायचं कसं

अमेरिकेच्या कृषी खात्याचा नियम सोपा आहे: असे दुधाचे पदार्थ बाहेर दोन तासांपेक्षा जास्त नको, आणि हवा ३२ अंशांच्या वर असेल तर तासभरच. महाराष्ट्रातल्या मेमध्ये तासभरच धरा. एक मोठा वाडगा भरून ठेवण्यापेक्षा तीन-चार लहान वाट्या भराव्यात, एक बाहेर, बाकीच्या फ्रिजमध्ये. बाहेरची वाटी परातीत बर्फ आणि थोडं पाणी घालून त्यात ठेवा. नुसत्या बर्फाच्या खड्यांपेक्षा पाण्यातला बर्फ वाटीला सगळीकडून लागतो.

मुलांचा वाढदिवस संध्याकाळी घरात असेल आणि टेबलावर मुलांचीच झुंबड असेल, तर क्रीम चीजचं मिश्रण करा. ते आंबट लागत नाही, आणि मुलं तासभर काही शिल्लक ठेवत नाहीत. केळवण, डोहाळजेवण, मुंजीच्या दुसऱ्या दिवशीची पंगत, जिथे लोक टप्प्याटप्प्याने येतात आणि एखाद्याचा उपास असतोच, तिथे चक्का. आठ-दहा माणसं, रात्रीची गच्ची, जेवण उरकून सगळे एकदमच फळांवर येणार, अशा वेळी मात्र बिनधास्त क्रीम फेटा. तेव्हाही नाही फेटायचं तर कधी?

उरलेल्यातही फरक आहे. बाहेर राहिलेली वाटी टाकूनच द्यायची, पण फ्रिजमध्ये राहिलेलं चक्क्याचं डिप दोन-तीन दिवस टिकतं आणि थोडी साखर वाढवून पोळीबरोबर जातं. क्रीम चीजचं ब्रेडला लावता येतं. फेटलेलं क्रीम दुसऱ्या दिवशी बसलेलं असतं; ते कॉफीत घालून संपवावं.