टँजरिन्स: भाड्याचे पैसे वसूल, मार्क कापले ते सबटायटलचे

एका ॲपवर भाड्यानं घेऊन 'टँजरिन्स' (म्हणजे छोटी संत्री) हा पिक्चर बघितला, २०१३ चा, एस्टोनिया आणि जॉर्जियानं मिळून केलेला, एस्टोनियाला ऑस्करचं पहिलं नॉमिनेशन यानंच मिळवून दिलं. दीड तासाच्या आत संपतोय, जेवण उरकून बसलात तरी चालतंय.

मी घेतला तो लेम्बित उल्फसाकसाठी. एस्टोनियाची राजधानी तालिन, तिथल्या युवा नाट्यगृहात घडलेला नट, १९७६ ला सोव्हिएत पिक्चरमधे टिल हा खोडकर नायक, पुढं ज्यूल व्हर्नच्या कादंबरीवरच्या कॅप्टन ग्रँटच्या सिरियलमधे विसराळू शास्त्रज्ञ पागानेल, म्हणजे तरुणपणी सगळा धमाल कारभार. आणि इथं साठी ओलांडल्यावर काय केलंय, तर जवळजवळ काहीच नाही! १९९२ चं, जॉर्जियातून फुटू पाहणाऱ्या अबखाझियातलं युद्ध, गावातले बाकीचे एस्टोनियन निघून गेलेत आणि हा इवो म्हातारा संत्र्यांसाठी लाकडी खोकी करत बसलाय. घरात एक जखमी चेचन (रशियातल्या चेचन्याचा, अबखाझियाच्या बाजूनं लढणारा), एक जखमी जॉर्जियन, दोघं एकमेकाच्या जिवावर उठलेले, तर हा सांगतो माझ्या घरात कोणी कुणाला मारायचं नाही. आवाज चढवत नाही की डोळे वटारत नाही, आधी गप्प बसतो, समोरच्याकडं बघतो, मग चार शब्द, आणि बंदूकवाला गप! आमच्याकडं नाट्यस्पर्धेत म्हातारा म्हटला की काठी, खोकला आणि थरथरता हात ठरलेलाच, त्या मंडळींना हे बसवून दाखवायला पाहिजे.

शेजारी मार्गुस झालाय एल्मो न्यूगानेन, जो स्वतः तालिनच्या सिटी थिएटरचा बरीच वर्षं प्रमुख होता. हे लोक मिळून एक गाडी उतारावरून ढकलून देतात आणि तिचा स्फोटच होत नाही, तिथं मी जाम हसलो.

आता तक्रार. सबटायटल फक्त इंग्रजी, आणि इवो मार्गुसशी एस्टोनियन बोलतो, पाहुण्यांशी रशियन, पण खाली सगळं एकाच पांढऱ्या अक्षरात. आपण बेळगावकर घरात मराठी, बाजारात कन्नड बोलणारे, भाषा बदलली की आपला कान बरोबर पकडतोय, पण पुण्याच्या पाव्हण्याला कोण सांगणार? शिवाय मधेच लाइट गेली तरी भाड्याची मुदत पळतच असते.

उल्फसाक २०१७ ला गेला. त्याचे जुने पिक्चर या ॲपवर शोधून सापडले नाहीत, ठेवले तर अजून पैसे द्यायला तयार आहे की. पाचपैकी चार.