‘आनंदी गोपाळ’ की ‘डॉक्टर रखमाबाई’?

दोन्ही चित्रपट मराठी, दोन्ही पहिल्या पिढीतल्या स्त्री डॉक्टरांवर. एकच बघायचा असेल तर?

समीर विद्वांस यांचा ‘आनंदी गोपाळ’ (2019) खरं तर एका विलक्षण संसाराची गोष्ट आहे. बायकोने शिकलंच पाहिजे हा गोपाळरावांचा हट्ट, आणि त्या हट्टातला जाच. दहा दिवसांचं बाळ उपचारांअभावी जातं आणि चौदा वर्षांच्या आनंदीचं शिक्षण तिचं स्वतःचं होतं, तिथे माझ्या डोळ्यांत पाणी आलं. भाग्यश्री मिलिंद आणि ललित प्रभाकर दोघंही मनापासून आवडले. मात्र आनंदीबाई 1886 मध्ये पदवी घेऊन परतल्या आणि 1887 मध्ये क्षयाने गेल्या, त्यामुळे डॉक्टर म्हणून त्या पुरेशा दिसतच नाहीत.

अनंत महादेवन यांच्या चित्रपटातली रखमाबाई (तनिष्ठा चॅटर्जी) नवऱ्याच्या आधाराने नव्हे, त्याला नकार देऊन उभी राहते. अकराव्या वर्षी लग्न, पुढे नवऱ्याने भरलेला खटला. 1887 मध्ये कोर्टाने सांगितलं, सासरी जा नाहीतर सहा महिने तुरुंगात. तिने तुरुंग पत्करला! नंतर तडजोड झाली, ती लंडनला शिकली आणि सुरतेत वर्षानुवर्षं रुग्णसेवा केली. ही बाई अजून घराघरांत माहीत नाही, याचं मला फार वाईट वाटतं.

घरातल्या मुलांसोबत बसणार असाल तर ‘आनंदी गोपाळ’ लावा. माझं मत मात्र रखमाबाईला.