सेल्फ वॉटरिंग कुंडी आणि पडवीतला अरेका पाम

12 इंची प्लास्टिकची कुंडी, तळाशी 4 लिटरची टाकी, मातीत शिरणाऱ्या दोन नायलॉनच्या वाती, पाण्याची पातळी दाखवणारा तरंगता काटा आणि जादा पाणी जायला बाजूला एक भोक. किंमत साध्या कुंडीच्या चौपट. पडवीतल्या अरेकासाठी पैसे वसूल होतात. पावसात अंगणात ठेवायची असेल तर घेऊच नका.

खोक्यावर ‘महिनाभर पाण्याची चिंता नाही’ असं छापलंय. ते सोडून द्या. चार फुटी भरगच्च अरेका मे महिन्यात सावलीतही रोज अर्ध्या लिटरच्या आसपास पाणी ओढतो, म्हणजे टाकी जेमतेम आठवडाभर पुरते. रॅपिस पाम जरा कमी पितो. शिमग्याला येऊन थेट मे महिन्यात उगवणाऱ्या चाकरमान्यांनी शेजारी किल्ली ठेवणं बंद करू नये.

या कुंडीत नुसती जांभ्याची लाल माती भरली तर काम बिघडतं. तिचा बारीक गाळ वातीवर बसतो आणि खालचा थर कायम चिखल राहतो. दोन भाग कोकोपीट, एक भाग चाळलेली माती, एक भाग मुरलेलं शेणखत आणि एक भाग जाड वाळू हे मिश्रण चालतं. कोकोपीट आधी दोन-तीन पाण्यांतून धुऊन पिळून घ्या, नारळाची सोडणं खाऱ्या पाण्यात भिजवलेली असतील तर मीठ त्यातच असतं. वाती भरताना ओल्या हव्यात, कोरडी वात पाणी चढवत नाही. पहिले तीन आठवडे पाणी वरूनच घाला, मुळं खाली पोचल्यावर टाकी वापरा. टाकी रिकामी झाली की लगेच भरायची घाई नको. एक-दोन दिवस जाऊ द्या, मुळांना हवा लागते.

खरी अडचण क्षारांची, आणि माहितीपत्रकात तिचा उल्लेखही नाही. पाणी खालून वर चढतं, पृष्ठभागावरून उडून जातं, मीठ मात्र वरच्या इंचभर मातीत साठतं. खाडीलगतच्या विहिरींचं पाणी मार्चनंतर मचूळ होतं, तिथे हे फार लवकर दिसतं: मातीवर पांढरा पापुद्रा, मग पानांची टोकं करपलेली. जिभेला खारट लागणारं पाणी टाकीत घालूच नका. महिन्यातून एकदा पापुद्रा खरवडून काढा, टाकीचं बूच उघडा आणि 15 लिटरची बादली सावकाश वरून ओता. करपलेलं टोक कापताना तपकिरी कड केसभर ठेवा. हिरव्यात कात्री गेली की तिथून पुन्हा वाळायला लागतं. विद्राव्य खत टाकीत घालण्याचा सल्लाही पत्रकात आहे. तो मानू नये, क्षार वाढतात आणि शेवाळ धरतं.

पावसाळ्यात बूच काढून ठेवायचं आणि कुंडी पागोळ्यांपासून दूर सरकवायची. बाजूचं भोक पेन्सिलच्या टोकाएवढं आहे, एका सुक्या पानाच्या तुकड्याने तुंबतं. तापवलेल्या खिळ्याने ते रुंद करून घ्या. भोक तुंबलं की मुळं कुजतात, आणि पहिली खूण म्हणजे नवं पान फिकट, पिवळट निघतं. लोक तेव्हा खत घालतात. खत नको, टाकी रिकामी करा. जुन्या पानांवर पिवळे-नारिंगी ठिपके असतील तर प्रकरण वेगळं, तिथे पालाश (पोटॅश) कमी पडलेलं असतं.

पाणी घालायचं तोंड उघडं आहे, ही कंपनीची सरळसरळ चूक. डासाच्या अळीला आठ-दहा दिवसांचं साठलेलं पाणी पुरतं आणि डेंग्यूचा डास अशाच जागा शोधतो. तोंडावर मच्छरदाणीच्या जाळीचा तुकडा रबराने बांधा, भोकावरही तसाच चिकटवा.

तरंगता काटा क्षार बसून मध्येच अडकतो आणि टाकी कोरडी असताना भरलेली दाखवतो. कुंडी एका बाजूने जरा उचलून पाहावी, वजनावरून कळतं. अडकलेला काटा काढून तासभर व्हिनेगरमध्ये ठेवला की सुटतो.