हिमनदीवरच्या पहिल्या ट्रेकसाठी घेतलेले बूट: नऊ महिन्यांनंतरचा अनुभव

फेब्रुवारीत हे बूट घेतले तेव्हा बर्फावर मी एक पाऊलही टाकलेलं नव्हतं. आता नोव्हेंबर सुरू आहे. मधल्या काळात गाइडसोबत तीन हिमनदी ट्रेक झाले: मार्चमध्ये आइसलँडच्या सोल्हेइमायोकुलवर एकाच आठवड्यात दोन, आणि ऑगस्टमध्ये स्वित्झर्लंडच्या आलेच हिमनदीवर पूर्ण दिवसाचा एक. शिवाय दगडधोंड्यांच्या साध्या डोंगरवाटांवर हे बूट इतक्या वेळा पायात चढले की मोजणं सोडून दिलं. त्यामुळे आता जे लिहितेय ते बूट नवे असताना लिहिता आलं नसतं.

पहिल्यांदा जाणाऱ्या प्रत्येकाच्या मनात एकच प्रश्न असतो, मला जमेल का? माझ्याही होता. जमतं. तीन-चार तास चढ-उतार चालण्याची सवय असेल तर नवख्यांसाठीचा ट्रेक दमाच्या बाबतीत अवघड नाही. अडतं ते पायापाशी. माझ्या तिन्ही ट्रेकमध्ये जे लोक मागे पडले, ज्यांना मधूनच बसावं लागलं, त्यातल्या जवळपास सगळ्यांची तक्रार बुटांची होती. म्हणून या ट्रेकसाठी एकच गोष्ट नीट विचार करून निवडायची असेल तर ती बूट, असं माझं ठाम मत झालंय.

माझी पहिली खरेदी चुकली होती. "वॉटरप्रूफ आहेत, बर्फात चालतील" या दुकानदाराच्या शब्दावर मी मऊ तळव्याचे ट्रेकिंग शूज घेतले. घरी आणून दोन हातांत धरून वाकवले तर चवडा सहज दुमडला. वॉटरप्रूफ असणं आणि क्रॅम्पॉन बसणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, हे तोवर मला माहीत नव्हतं. क्रॅम्पॉन म्हणजे बुटाखाली बांधायची लोखंडी दातांची चौकट. ती ताठ असते. बूट वाकला आणि चौकट वाकली नाही की पट्टे सैल होतात, टाच उचलली जाते, आणि चालता चालता क्रॅम्पॉन निघूनही येऊ शकतो. गिर्यारोहणाच्या बुटांची यासाठी बी-0 ते बी-3 अशी एक ढोबळ वर्गवारी चालते. बी-0 म्हणजे मऊ, क्रॅम्पॉनसाठी नव्हे. बी-1 थोडा ताठ, पट्ट्यांनी बांधायचा क्रॅम्पॉन झेलणारा. बी-2 आणि बी-3 त्याहून कडक, उंच बर्फाच्छादित शिखरांसाठी. मी दुसऱ्या दिवशी ते शूज परत केले आणि बी-1 प्रतीचे, घोट्याच्या वर येणारे चामड्याचे बूट घेतले. गाइडसोबतच्या एका दिवसाच्या ट्रेकला एवढे पुरतात. बी-3 घेऊन रस्त्यावर चालणं म्हणजे पायाला फळी बांधून चालणं, नवख्याने त्यात पडू नये.

मापाबद्दल जरा सविस्तर सांगते, कारण इथे चूक झाली तर दिवस वाया जातो. बूट संध्याकाळी घालून पाहिले, दिवसभराच्या चालण्याने पाय थोडा फुगलेला असताना आणि ट्रेकला घालायचे तेच जाड लोकरी मोजे घालून. नाडी सोडून पाय पुढे सरकवला की टाचेमागे एक बोट जायला हवं. नाडी आवळून जिना उतरताना अंगठा पुढे टेकता कामा नये. मला नेहमीपेक्षा अर्धा नंबर मोठा लागला. त्यानंतर तीन आठवडे रोज तासभर घालून फिरले. पहिले चार दिवस उजव्या टाचेवर लाल वण उठला, मग चामडं नरमलं आणि तो त्रास पुन्हा झाला नाही. नवे बूट थेट हिमनदीवर घालून आलेली एक मुलगी आमच्या गटात होती. दीड तासात तिच्या दोन्ही टाचांवर फोड आले. गाइडने बर्फावरच बसवून तिच्या टाचांना पट्ट्या लावल्या.

आता प्रत्यक्ष बर्फाबद्दल. सोल्हेइमायोकुल ही मिरडाल्सयोकुल या मोठ्या हिमटोपीची एक जीभ, आणि त्या टोपीखाली कात्ला ज्वालामुखी आहे. त्यामुळे इथला बर्फ काळ्या राखेच्या पट्ट्यांनी रेघाळलेला असतो. पायथ्याशी पोचल्यावर मला ते आधी बर्फच वाटेना, खाणीतला ढिगारा वाटला. क्रॅम्पॉन चढवायला गाइडने प्रत्येकाला खाली बसवलं, पट्टे आमच्याकडूनच आवळून घेतले आणि मग प्रत्येकाचा पाय हातात धरून हलवून पाहिला. बूट हलतो आणि क्रॅम्पॉन जागेवर राहतो, असं झालं तर पुन्हा बांधायचं. दोन्ही एकत्र हलले तर ठीक.

पहिलं पाऊल टाकलं तेव्हा "कर्र" असा कोरडा आवाज आला, कडक चिक्कीचा तुकडा पायाखाली यावा तसा. आणि पाय सरकला नाही. अजिबात नाही. इतकी वर्षं ओल्या फरशीवर जपून चालणाऱ्या माझ्या शरीराला हे पटायलाच दहा मिनिटं लागली. मन घाबरलं की आपण चवड्यावर जोर देतो, टाच उचलतो, पाय तिरका टाकतो. क्रॅम्पॉनला नेमकं याच्या उलट हवं असतं: सगळे दात एकदम टेकतील असा सपाट पाय, गुडघे किंचित वाकलेले, दोन पायांत वीतभर अंतर. ही सपाट पावलाची पद्धत ऑस्कर एकेनस्टाइन या इंग्रज गिर्यारोहकाच्या नावाने ओळखली जाते. 1908 च्या सुमारास त्याने दहा दातांचा क्रॅम्पॉन घडवला. बुटाच्या टोकापुढे निघणारे दात 1929 मध्ये आले, पण ते उभ्या भिंतींसाठी. नवख्यांच्या ट्रेकमध्ये त्यांचं काम क्वचितच पडतं. ते दुसऱ्या पायाच्या पँटमध्ये अडकण्याची भीतीच जास्त. माझ्या डाव्या पोटरीपाशी पँटला चार बोटांची फाट पडली ती अशीच. गेटर्स, म्हणजे पोटरीवर बांधायची जाड कापडी आवरणं, असती तर वाचली असती.

उतरताना खरी परीक्षा असते. मागे रेलावंसं वाटतं, आणि रेललं की दात सुटतात. "नाक पायाच्या बोटांच्या वर ठेवा," असं गाइड सारखी सांगत होती. हे एक वाक्य मी अजूनही उतारावर मनात म्हणते.

त्या दिवशी पाहिलेली एक गोष्ट मला विसरता येत नाही. बर्फात मनगट जाईल एवढी गोल, सरळ खाली गेलेली भोकं होती, काठोकाठ पाण्याने भरलेली. पाणी इतकं नितळ की आधी भोक रिकामंच वाटलं. तळाशी चमचाभर काळी धूळ. ही धूळ उन्हात तापते, खालचा बर्फ वितळवते आणि स्वतःच खाली खाली जात राहते. तिला क्रायोकोनाइट म्हणतात. नॉर्डेनशॉल्ड या संशोधकाने 1870 मध्ये ग्रीनलँडमध्ये तिचं वर्णन करून हे नाव दिलं. त्याच राखेचा थर जाड असेल तर मात्र उलटं होतं. ऊन आत पोचत नाही, खालचा बर्फ टिकतो, आजूबाजूचा वितळून खचतो आणि काळे टोकदार सुळके उभे राहतात. दिसायला मातीचे ढीग. गाइडने कुऱ्हाडीच्या टोकाने त्यावरची राख खरवडली तर बोटभर थराखाली लखलखीत बर्फ. माती समजून त्यावर पाय देऊ नका, हे तिने तिथेच दाखवून दिलं.

दुसरा ट्रेक मात्र एका तक्रारीशिवाय सांगता येणार नाही. वेगळ्या कंपनीकडे पाच तासांचा घेतला होता. सामान भरभर वाटलं गेलं आणि माझ्या क्रॅम्पॉनची लांबी आधीच्या कुणाच्या मोठ्या बुटाला जुळवलेली होती. मला शंका आली होती, पण सगळे निघाले म्हणून मी गप्प बसले. वीस मिनिटांत डावा क्रॅम्पॉन बुटाच्या कडेला सरकला. सपाट जागेवर झालं म्हणून निभावलं. गाइडने थांबून मधली पट्टी दोन खाचा आत घेतली, तेव्हा तो घट्ट बसला. हे काम तळावर दोन मिनिटांत झालं असतं. तुमचा क्रॅम्पॉन हलतोय असं वाटलं तर सगळ्या गटाला थांबवा, कितीही घाई असो. गाइड चांगला असेल तर तो थांबतोच.

कंपनी निवडताना मी आता दोन प्रश्न विचारते. एका गाइडमागे किती माणसं? आणि बर्फ उघडा असेल की हिमाने झाकलेला? दुसरा प्रश्न फार महत्त्वाचा. उघड्या, कडक बर्फावर भेगा डोळ्यांना दिसतात, म्हणून तिथे पुष्कळदा दोराशिवाय नेतात. वर ताजं हिम साचलेलं असेल तर भेगा झाकल्या जातात, आणि तिथे एकमेकांना दोराने बांधल्याशिवाय जाणं धोक्याचं. भेगा साधारण तीस-चाळीस मीटर खोल जाऊ शकतात. त्याखाली वजनाच्या दाबाने बर्फ दाट लापशीसारखा हळूहळू वाहत असतो, म्हणून भेग त्याहून खोल सहसा टिकत नाही. आकडा ऐकायला बरा वाटतो, पण तीस मीटर म्हणजे दहा मजले. गाइडच्या पावलावर पाऊल टाकायचं म्हणजे अक्षरशः टाकायचं. फोटोसाठी दोन पावलं बाजूला जाणं नाही.

आलेचवर आम्ही दोरात होतो. आल्प्समधली ही सगळ्यात मोठी हिमनदी, वरच्या भागात कोंकोर्डियाप्लात्झपाशी बर्फाची जाडी सुमारे 800 मीटर आहे. दोरात चालणं ही वेगळीच शिस्त. पुढच्याचा वेग तो आपला वेग, दोर ना ताणलेला ना जमिनीवर लोळणारा. दोरावर क्रॅम्पॉनचा पाय पडता कामा नये, कारण दात दोराचे धागे तोडतात. पहिल्या तासात माझं सगळं लक्ष त्या दोराकडेच होतं, डोंगर नंतर दिसले.

ऑगस्टचं ऊन आणि पांढरा बर्फ या जोडीला मी कमी लेखलं होतं. जागतिक आरोग्य संघटनेच्या माहितीनुसार ताजं हिम अतिनील किरणांचा 80 टक्क्यांपर्यंत भाग परत फेकतं, आणि उंचीच्या दर 1000 मीटरमागे हे किरण साधारण 10 टक्क्यांनी वाढतात. म्हणजे ऊन खालूनही लागतं. माझी हनुवटीखालची कातडी आणि नाकपुड्यांच्या कडा भाजल्या, कारण तिथे क्रीम लावायचं सुचलंच नव्हतं. डोळ्यांसाठी श्रेणी 4 चा चष्मा घ्या, बाजूंनी झाकणारा. तो फक्त 3 ते 8 टक्के प्रकाश आत सोडतो. मात्र तो घालून गाडी चालवायची नाही, तेवढा अंधार धोक्याचा असतो.

बाकी कपड्यांबद्दल थोडक्यात: सुती काहीही नको, वारा अडवणारं जाकीट हवं, आणि हातमोजे उन्हाळ्यातही हवेत. हातमोजे थंडीपेक्षा पडण्यासाठी. हिमनदीचा बर्फ काचकागदासारखा खरबरीत असतो, उघडा तळवा घसटला की सोलून निघतो.

आता नऊ महिन्यांनी बूट कसे आहेत? तळवा उत्तम, ताठपणा तसाच. टाचेच्या बाहेरच्या कडेला थोडी झीज आहे, ती माझ्या चालण्याच्या सवयीची. समोरच्या रबरी पट्टीवर क्रॅम्पॉनच्या दातांचे सात-आठ ओरखडे आहेत, एक खोल. घोट्यापाशी पट्टा घासतो तिथे चामडं फिकं पडलंय. आतलं वॉटरप्रूफ अस्तर सातव्या महिन्यापर्यंत कोरडं राहिलं. परवा ओल्या गवतातून चालताना डाव्या अंगठ्यापाशी ओल जाणवली. यात चूक माझी आहे: आलेचहून आल्यावर मी चिखल न धुताच बूट पिशवीत ठेवले होते. चिखल चामड्यातलं तेल शोषतो, चामडं तडकतं आणि तिथून पाणी शिरतं. आता प्रत्येक वेळी कोमट पाण्याने धुऊन, आतली गादी काढून, कागदाचे बोळे भरून सावलीत वाळवते आणि मेण चोळते. हीटरजवळ कधीच नाही. आणखी एक, बूट वर्षानुवर्षं कपाटात जपून ठेवू नका. मधल्या थरातलं पॉलियुरेथेन, म्हणजे फेसासारखं प्लास्टिक, हवेतल्या दमटपणाने न वापरताही कुजतं आणि एक दिवस तळवा भुगा होऊन सुटतो. वापरात राहिलेला बूट त्या मानाने जास्त टिकतो.

एक नापसंतीही नोंदवते. नाडीचे वरचे हूक उथळ आहेत, लांब उतारावर गाठ सैल होते. आलेचच्या परतीच्या वाटेवर त्यामुळेच उजवा अंगठा पुढे आपटत राहिला आणि नख काळं पडलं. ते अजून पूर्ण बदललेलं नाही. आता घोट्यापाशी नाडीला दुहेरी पीळ देऊन टाच मागे अडकवते, मग वर बांधते. फरक लगेच जाणवतो.

सोल्हेइमायोकुलच्या तोंडाशी आता तळं आहे. पूर्वी तिथे बर्फ होता. जवळच्या शाळेतली मुलं 2010 पासून दर वर्षी तिथे जाऊन हिमनदी किती मागे गेली ते मोजतात. गाइडने तळ्याच्या काठावर उभं राहून, ती पहिल्यांदा कामाला आली तेव्हा बर्फ कुठपर्यंत होता ते हाताने दाखवलं. तिचा हात पाण्याच्या मध्यावर थांबला. त्याच देशातल्या ओक हिमनदीला 2014 मध्ये हिमनदी म्हणणं बंद झालं, 2019 मध्ये तिथे स्मृतिफलक लावला. न्यूझीलंडच्या फ्रान्झ जोसेफ हिमनदीवर तर आता पायी चढताच येत नाही, हेलिकॉप्टरने बर्फावर उतरवतात. "कधीतरी जाऊ" असं मी पाच वर्षं म्हणत होते, याचं मला तिथे उभं राहून वाईट वाटलं.

पुढच्या उन्हाळ्यात पुन्हा आलेच, या वेळी दोन दिवसांचा. गेटर्स घेऊन झालेत. क्रॅम्पॉनही स्वतःचेच घेणार आहे: दहा दातांचे, पट्ट्यांचे, स्टीलचे. अ‍ॅल्युमिनियमचे हलके असतात, पण दगड मिसळलेल्या बर्फावर त्यांचे दात लवकर बोथट होतात. घ्यायला जाताना हेच बूट सोबत नेणार, आणि लांबी दुकानातच जुळवून, बांधून, पाय हलवून पाहणार.